उंदराची चिरचिर

रविवार, रात्री उशिरा

आज दिवसभर वन्यजीवांवरच्या माहितीपटात आवाज भरायचं काम चाललं होतं. पडद्यावर लाल खोकड बर्फातून चालत येतं, पावलांची करकर ऐकू येते, आणि ती करकर असते पिशवीत भरून दाबलेल्या कॉर्नफ्लोरची. खोकड वाळल्या गवतात शिरलं की जुन्या कॅसेटची टेप चुरगाळायची. पक्षी उडाला की चामडी हातमोजे झटकायचे.

हे पहिल्यांदा कळल्यावर काही प्रेक्षक दुखावतात, आणि ते साहजिक आहे. पण प्राणी दोन-तीनशे मीटरवर असतो. टेलिफोटो लेन्स त्याच्या मिशांपर्यंत पोचते, माइक पोचत नाही. त्यात शिरतो वारा, जॅकेटची सळसळ आणि आपलाच श्वास. स्लो मोशनच्या शॉटला तर वापरता येईल असा आवाजच नसतो. खोकड त्या बर्फावरून खरंच चाललं होतं. अंतरामुळे हरवलेलं आपण परत जागेवर ठेवतो, एवढंच. यात मला खोटेपणा वाटत नाही.

आज अडलो ते वेगळ्याच जागी. खोकड मान तिरकी करतं, कान रोखतं आणि उंच उडी मारून नाकावर बर्फात घुसतं. उडीच्या आधी उंदराची चिरचिर टाकावी, म्हणजे बघणाऱ्याला लगेच कळेल, असं सुचवलं गेलं. मी नको म्हटलं. बर्फाखाली उंदीर हलतो, उकरतो, त्याची बारीक खसफस खोकडाला पुरते. सगळी शिकार त्या कानांवर उभी आहे. तिथे मोठी चिरचिर टाकली, तर ज्या कौशल्यासाठी थंडीत एवढे दिवस काढले तेच पुसून जाईल.

अशा सोयीच्या खोटेपणाचं टोक म्हणजे १९५८ चा डिस्नेचा ‘व्हाइट वाइल्डरनेस’. त्यासाठी लेमिंग, म्हणजे थंड प्रदेशातले उंदरासारखे छोटे प्राणी, कॅनडाच्या दुसऱ्या प्रांतातून विकत आणले, फिरत्या तबकडीवर पळवून मोठा लोंढा भासवला आणि शेवटी कड्यावरून नदीत लोटले. माहितीपटाला ऑस्कर मिळालं. १९८२ मध्ये कॅनडाच्या सीबीसी वाहिनीने हा प्रकार उघड केला. पण तोवर लेमिंग सामूहिक आत्महत्या करतात हा समज पक्का बसला होता. संख्या वाढली की ते स्थलांतर करतात आणि पाणी ओलांडताना काही बुडतात. खरी गोष्ट एवढीच आहे. मेलेल्या त्या लेमिंगांचा विचार आला की मला आजही राग येतो.

आवाजाइतकाच चित्राचाही प्रश्न आहे. वाघाच्या एका शॉटमध्ये तो उजवीकडून येतो, पुढच्यात डावीकडून. सलगता जमावी म्हणून शॉट आरशासारखा उलटवायचा, असं एडिटिंगमध्ये सर्रास होतं. वाघाच्या बाबतीत मला ते मान्य नाही. दोन्ही कुशींवरचे पट्टे वेगवेगळे असतात आणि अभ्यासक त्यावरूनच एकेक वाघ ओळखतात. शॉट उलटवला की पडद्यावर येतो तो जगात कुठेच नसलेला वाघ. उद्या एडिटरशी हेच बोलायचं आहे. मध्ये झाडीचा एखादा शॉट घालता येईल, नाहीतर कट थोडा खटकू दे.