मोजपट्टी घेऊन या

विज्ञानाच्या बाईंचा तास असला की फळ्याच्या कोपऱ्यात आदल्या दिवशीच लिहिलेलं असायचं : मोजपट्टी घेऊन या. आरशांचा धडा बाकीच्या तुकड्यांमध्ये चटकन उरकायचा. आमच्याकडे तो सहामाही परीक्षेपर्यंत चालला. प्रयोगशाळेच्या टोकाच्या अंधाऱ्या खोलीला आम्ही मयसभा म्हणायचो. बाईंना ते नाव आवडायचं. फक्त त्या बजावायच्या, "मयसभेत शिरताना पायाखालची जमीन हातानं चाचपायची."

पूर्ण अंग दिसायला आरसा केवढा लागतो, हा त्यांचा पहिला प्रश्न. बहुतेकांचं उत्तर होतं, आपल्याएवढा. काहींचं म्हणणं, लांब उभं राहिलं तर छोटाही पुरेल. बाईंनी कोणतंच उत्तर खोडलं नाही. व्हरांड्यातल्या उंच आरशासमोर एक जण उभी राहायची, दुसरी खालून वर्तमानपत्राचा कागद वर सरकवत न्यायची, पायाचा अंगठा दिसेनासा होण्याच्या बेतापर्यंत. मग तसंच वरून, डोक्यापर्यंत. उरलेली काच मोजली की ती उंचीच्या निम्मी भरायची : 150 सेंटिमीटर उंचीच्या मुलीला 75 सेंटिमीटर. मागे जा, पुढे या, कागद हलवावा लागत नाही. आपण काचेपुढे जितके दूर, तितकीच दूर आपली प्रतिमा काचेमागे असते. म्हणून अंगठ्यापासून डोळ्यापर्यंत येणारा किरण काचेवर त्या दोहोंच्या बरोबर मध्यावर परावर्तित होतो. हे कारण बाईंनी सगळ्यांची मोजमापं झाल्यावरच सांगितलं. आधी सांगितलं असतं तर आम्ही ते पाठ केलं असतं.

मला सर्वांत जास्त रुतलेला प्रयोग वाफेचा. आरशावर गरम पाण्याची वाफ धरायची, एक डोळा मिटायचा आणि समोर दिसणाऱ्या आपल्या चेहऱ्याची कड बोटानं गिरवायची. मग बाजूला होऊन ती आकृती मोजायची. चेहऱ्याच्या निम्मी! रोज त्या काचेत पाहून आपण वेणी घालतो आणि तिथे आपला चेहरा अर्ध्या मापात बसलेला असतो, हे कोणाच्याही ध्यानात येत नाही. मोजून झाल्यावर आम्ही पुन्हा आरशात पाहिलं, आणि चेहरा पुन्हा पूर्ण मापाचाच दिसला. माहिती हाती आली होती, दिसणं मात्र तसूभरही बदललं नव्हतं. मेंदू काचेवरचं माप वाचतच नाही. तो चेहरा किती अंतरावर आहे ते धरून त्याचा खरा आकार ठरवतो. एरवी हा हिशेब अगदी बरोबर येतो, म्हणून तर लांब गेलेला माणूस आपल्याला बुटका झालेला वाटत नाही.

आरसा डावं-उजवं उलटवतो का, हा वाद बाईंनी एका पारदर्शक कागदावर मिटवला. कागदावर नाव लिहायचं, आपल्याला सुलट वाचता येईल असा तो हातात धरायचा आणि तसाच, न फिरवता, आरशासमोर उभं राहायचं. आरशातही नाव सुलटच. साधं पुस्तक आरशाला दाखवायला आपणच ते फिरवतो, अक्षरं उलटतात ती तिथे. आरसा बदलतो ते फक्त पुढचं-मागचं.

त्यानंतर आल्या रेघा. फ्रान्झ म्युलर-लायर यांनी 1889 मध्ये प्रसिद्ध केलेली आकृती बाईंनी फळ्यावर काढली : सारख्या लांबीच्या दोन रेघा, एकीच्या टोकांना आत वळलेले बाण, दुसरीच्या टोकांना बाहेर उघडलेले. प्रत्येकीनं मोजल्या. तरी दुसरी लांबच दिसत राहिली. हेल्महोल्ट्झ या जर्मन शास्त्रज्ञानं एकोणिसाव्या शतकात म्हटलं होतं की पाहणं म्हणजे नकळत काढलेलं अनुमान. आपल्याला ते अनुमान आहे हे कळलं, तरी ते काढायचं थांबत नाही. दृष्टिभ्रमाला फसणाऱ्याला कमी समजणं मला तेव्हापासून पटेनासं झालं, आणि "मी माझ्या डोळ्यांनी पाहिलं" एवढ्यावर वाद जिंकू पाहणंही.

आज मी रेडिओलॉजिस्ट, म्हणजे एक्स-रे वाचणारी डॉक्टर आहे. उजेड आणि अंधार जिथे भेटतात, तिथे गडद बाजूला आणखी गडद आणि उजळ बाजूला आणखी उजळ असा पट्टा डोळा स्वतःच भरतो. ऑस्ट्रियाचे शास्त्रज्ञ अर्न्स्ट माख यांनी 1865 मध्ये त्याचं वर्णन केलं, आणि आमच्या धंद्यात ते पट्टे रोज भेटतात. डोळ्याच्या पडद्यावरच्या शेजारी पेशी एकमेकींचा प्रतिसाद दाबतात, त्यातून कड अशी ठळक होते. एका हाडाची कड दुसऱ्यावर आली की तिथे बारीक काळी रेघ दिसते, आणि नवखी नजर तिला फ्रॅक्चर म्हणून मोकळी होते. मानेच्या दुसऱ्या मणक्याला वर जो दातासारखा भाग असतो, त्याच्या बुडाशी ही रेघ फार फसवी. अशा वेळी मी शिकाऊ डॉक्टरांना शेजारचा उजळ भाग कागदानं झाकायला सांगते. भ्रमाची रेघ नाहीशी होते, खरं फ्रॅक्चर जागच्या जागी राहतं. रुग्णाच्या मानेला विनाकारण पट्टा लागणं किंवा लागायला हवा असताना न लागणं, इतकं त्या कागदावर अवलंबून असू शकतं.

आरशाचा भ्रम तर औषधासारखाही वापरता येतो. हात कापावा लागलेल्या काही रुग्णांना नसलेला हात दुखतो. मेंदूशास्त्रज्ञ व्ही. एस. रामचंद्रन यांनी 1990 च्या दशकात त्यासाठी आरशाची पेटी वापरली : चांगल्या हाताचं प्रतिबिंब दुसऱ्या हाताच्या जागी दिसतं, तो हलताना दिसतो आणि काहींच्या वेदना कमी होतात. सर्वांच्या होत नाहीत. तरी सपाट काचेचा एक तुकडा इथवर पोहोचतो, हे मला अजूनही विलक्षण वाटतं.

सुवर्णमहोत्सवानिमित्त शाळेला माझी एक विनंती आहे. अमेरिकेत अॅडेल्बर्ट एम्स या शास्त्रज्ञानं विसाव्या शतकात एक वाकडी खोली बांधून घेतली होती. मागची भिंत तिरपी, जमीन उतरती, खिडक्या एका बाजूला निमुळत्या. पण ठरावीक भोकातून एका डोळ्यानं पाहिलं की खोली सरळ चौकोनी दिसते आणि एका कोपऱ्यातून दुसऱ्यात जाणारं माणूस वाढत किंवा आखडत गेल्यासारखं भासतं. पुठ्ठ्याची छोटी प्रतिकृती मुलांना सहज जमेल. खर्च मी करीन. मापं मात्र मुलांनीच काढावीत, आणि भोक एकाच डोळ्यापुरतं ठेवावं. दोन्ही डोळे उघडे असले की तिरपेपणा ओळखू येतो.