डीएलएलचा गुंता: ‘फाइल नाही’ सुटलं, ०एक्ससी०००००७बी वर अडकलं

डीएलएल म्हणजे विंडोजवरच्या प्रोग्रॅमना चालायला लागणाऱ्या कोडची फाइल. प्रोग्रॅम उघडताना ‘एमएसव्हीसीपी१४०.डीएलएल सापडली नाही’ असा निरोप आला तर नशीब समजा. फाइलचं नाव समोर असतं आणि १४० हा आकडा सांगतो की व्हिज्युअल सी++ चं २०१५ किंवा त्यानंतरचं रनटाइम, म्हणजे प्रोग्रॅमला लागणाऱ्या अशा फाइलींचा संच, हवंय. मायक्रोसॉफ्टच्या साइटवरून पॅकेज उतरवून एक्स८६ (३२-बिट) आणि एक्स६४ (६४-बिट) दोन्ही इन्स्टॉल केली की हा भाग संपतो. दोन्ही अशासाठी, की ६४-बिट विंडोजवर ३२-बिट प्रोग्रॅमही चालतात आणि त्यांना त्यांचीच फाइल लागते. नावात १२० असेल तर २०१३ चं पॅकेज, १०० असेल तर २०१० चं. नवं टाकलं म्हणून जुन्याची गरज भागत नाही.

माझा सगळा वेळ खाल्ला तो पुढच्या निरोपाने: ‘ॲप्लिकेशन नीट सुरू होऊ शकलं नाही, ०एक्ससी०००००७बी’. कुठली फाइल, कुठल्या फोल्डरमधली, काहीच नाही. शोधावं तर सल्ले एकाहून एक: डायरेक्टएक्स टाका, डॉटनेट टाका, शेवटी विंडोजच नव्याने टाका. कारण न बघता दिलेल्या या सल्ल्यांचा मला अजून राग येतो.

या कोडचा अर्थ आहे ‘इमेजचा फॉरमॅट चुकीचा’; इमेज म्हणजे इथे चित्र नव्हे, प्रोग्रॅमची किंवा डीएलएलची फाइल. बहुतेक वेळा ६४-बिट प्रोग्रॅमच्या वाट्याला ३२-बिट डीएलएल आलेली असते, किंवा उलट. क्वचित फाइलच खराब झालेली असते. विंडोज साधारणपणे आधी प्रोग्रॅमच्या स्वतःच्या फोल्डरात बघतं, मग सिस्टम फोल्डरांत आणि सगळ्यात शेवटी पाथमध्ये, म्हणजे फाइली शोधायच्या फोल्डरांच्या विंडोजच्या यादीत, लिहिलेल्या फोल्डरांत. स्वतःच्या फोल्डरातली प्रत गायब असेल, तर पाथमधली दुसऱ्याच कुठल्या प्रोग्रॅमची त्याच नावाची फाइल पुढे येते. माझ्याकडे झेडलिब१.डीएलएलच्या बाबतीत नेमकं हेच झालं. हे नाव ३२ आणि ६४ दोन्हींत सारखंच असतं.

शोधायला प्रोसेस मॉनिटर वापरा, प्रोग्रॅम कुठल्या फाइली उघडतो ते दाखवणारं मायक्रोसॉफ्टचं साधन. फिल्टर दोनच: प्रोसेसचं नाव आणि ‘.डीएलएल’ने संपणारा पाथ (इथे पाथ म्हणजे फाइलचा पूर्ण पत्ता). ‘नेम नॉट फाउंड’च्या ओळींचा ढीग दिसेल, त्याने घाबरू नका. एकेक फोल्डर धुंडाळताना तशा ओळी येणारच. बघायचं ते अगदी शेवटी, एररची खिडकी येण्याआधी उघडलेल्या फाइली कुठल्या फोल्डरातून आल्या ते. प्रोग्रॅमच्या किंवा विंडोजच्या फोल्डराबाहेरची फाइल दिसली की संशय तिच्यावर.

मग तिचं बिट तपासा. व्हिज्युअल स्टुडिओ असेल तर त्यातलं डंपबिन हे फाइलची माहिती दाखवणारं साधन हेडर्सचा पर्याय देऊन चालवा. ‘१४सी’ म्हणजे ३२-बिट, ‘८६६४’ म्हणजे ६४-बिट. नसेल तर फाइलची कॉपी नोटपॅडमध्ये उघडा. सुरुवातीच्या कचऱ्यात ‘पीई’ ही रोमन अक्षरं शोधा. त्यांच्यानंतर मोठा ‘एल’ असेल तर ३२, छोटा ‘डी’ असेल तर ६४. सेव्ह मात्र करू नका.

उपाय म्हणजे त्या ॲप्लिकेशनच्याच इन्स्टॉलरमधून रिपेअर. योग्य प्रत त्याच्या फोल्डरात परत आली की पाथमध्ये काय पडलंय याने फरक पडत नाही. डीएलएल पुरवणाऱ्या भलत्यासलत्या साइटवरून एकटी फाइल आणून सिस्टम३२ मध्ये टाकणं हा मार्ग मी कुणालाही सांगणार नाही. तिची आवृत्ती कोणती आणि आत काय भरलंय, कळायला मार्ग नाही. शिवाय ६४-बिट विंडोजवर सिस्टम३२ मध्ये ६४-बिट फाइली असतात आणि ३२-बिट फाइली सिसवाऊ६४ मध्ये. नावं उलटी वाटतात, आणि चुकीच्या फोल्डरात टाकलेली फाइल हाच एरर नव्याने घेऊन येते.

हे आधीच सांगायला हवं होतं: कमांड प्रॉम्प्टमध्ये ‘व्हेअर’ लिहून पुढे फाइलचं नाव दिलं, की चालू फोल्डर आणि पाथमधल्या त्या नावाच्या सगळ्या प्रती क्रमाने दिसतात. संशयित फाइल ठाऊक असेल तर प्रोसेस मॉनिटरआधी हेच करा. पाथ बदललात तर प्रॉम्प्टची खिडकी नव्याने उघडा, जुनीला जुनाच पाथ माहीत असतो.

रेगएसव्हीआर३२ ही कमांड इथे उपयोगाची नाही, ती फक्त कॉम घटकांच्या (इतर प्रोग्रॅमना वापरता येणाऱ्या भागांच्या) नोंदणीसाठी आहे. ‘एसएफसी /स्कॅननाऊ’ ही कमांड विंडोजच्या स्वतःच्या फाइली दुरुस्त करते, तुमच्या ॲप्लिकेशनच्या नाही. आणि व्हीसीरनटाइम१४०_१.डीएलएल मागितली जात असेल तर एक्स६४ चं नवं पॅकेजच लागतं, एक्स८६ मध्ये ती फाइल नसतेच.