काळआख्याचा षटकोन

माझ्या कल्पित जगातले काळआखे जमिनीवर आकृती आखून तिच्या आतली वेळ मंद करतात. साधनं तीनच: खुंटी, सुतळी, चुना. बाजू जितक्या जास्त, तितकी आतली वेळ संथ. षटकोनात बाहेरच्या ६ घटकांना आत १ घटका सरते.

खुंटीभोवती ४ हात त्रिज्येचं वर्तुळ काढायचं. सुतळी तेवढीच धरून परिघावर ६ खुणा करायच्या आणि त्या सरळ जोडायच्या. शेवटची खूण पहिलीवर बसली नाही, तर सुतळी मध्येच ताणली गेली; बहुतेकदा ती ओली असते. ती फट चुन्याने बुजवू नये, पुन्हा आखावं. नाहीतर तिथून वेळ गळते आणि आतलं फळ एकाच बाजूने कुजतं.

सप्तकोनाच्या नादी लागू नका. कंपास आणि पट्टीने नियमित सप्तकोन अचूक काढताच येत नाही, ही तर खऱ्या भूमितीतलीच अडचण. सतराकोन मात्र जमतो. जर्मन गणितज्ञ गाउसने ते १७९६ मध्ये दाखवलं. वेळखाऊ काम आहे, हे खरं.

मोडताना आधी रेषा पुसा, खुंटी शेवटी काढा. उलट केलंत तर अडवलेली वेळ एकदम आत शिरते आणि आतल्या माणसाची नखं क्षणात बोटभर वाढतात.