बोल्सोव्हर : हसतील ना लोक!

मुलीकडे इंग्लंडमध्ये शेफील्डला महिनाभर होतो. पीक डिस्ट्रिक्टमध्ये तीन दिवस पावसात भिजलो, ते फोटो फॅमिली ग्रुपवर टाकून झालेत. लिहायला बसलोय ते बोल्सोव्हरच्या किल्ल्यासाठी.

चेस्टरफील्डला ट्रेनमधून उतरलो. तिथल्या चर्चचं शिखर ओला टॉवेल पिळून उभा केल्यासारखं वाकडं आहे. पुढची बस आलीच नाही, तिच्यानंतरची आली. इंग्लंडमध्ये सगळं घड्याळावर चालतं म्हणणाऱ्यांना त्या स्टॉपवर पाऊण तास उभं करायला हवं.

राजगड-तोरणा पाहिलेल्या माणसाला हा किल्ला म्हणजे खेळणं वाटतो, आणि तो आहेच तसा. विल्यम कॅव्हेंडिश नावाच्या सरदाराच्या वडिलांनी 1612 मध्ये काम सुरू केलं, ते हौसेसाठी. लढाईशी त्याचा संबंध नाही. मुलाने पुढे हौसेवर कळस चढवला. बागेत व्हीनसचं कारंजं आहे, त्यात चक्क सू-सू करणारी पोरं. बायको म्हणाली, "याचा फोटो ग्रुपवर टाकू नका हं." 30 जुलै 1634 ला पहिला चार्ल्स राजा राणीसह इथे जेवायला आला. करमणुकीचा खेळ नाटककार बेन जॉन्सनने लिहिला होता. खर्च चौदा-पंधरा हजार पौंड, तेव्हाचे! ज्या लांबलचक इमारतीच्या भिंती अजून दिमाखात उभ्या आहेत, तिच्यावर आता छप्पर नाही. आत पावसाची डबकी.

मी थांबलो ते घोड्यांच्या दालनात. उंचच उंच लाकडी छप्पर, खाली मऊ माती, वर पाहुण्यांनी बसून बघायची खिडकी. इथे घोड्यांना अक्षरशः नाचायला शिकवत. तिथे माहिती सांगणाऱ्या आजोबांना बहुधा दिवसभरात श्रोता मिळाला नव्हता. त्यांनी आम्हाला धरलंच.

राजा आणि पार्लमेंट यांच्यात यादवी युद्ध पेटलं तेव्हा कॅव्हेंडिश उत्तरेत राजाचा सेनापती होता. बराचसा खर्च स्वतःच्या खिशातून. 1643 मध्ये अ‍ॅडवॉल्टन मूरची लढाई जिंकली, राजाने मार्क्विस हा किताब दिला. त्याच्या पायदळाचे अंगरखे न रंगवलेल्या लोकरीचे, पांढरे. रंगवलेलं कापड पुरेना, तेव्हा ते म्हणाले म्हणे, राहू द्या पांढरेच, शत्रूच्या रक्तात रंगवू. मग 2 जुलै 1644, मार्स्टन मूर. संध्याकाळ झाली, आज काही लढाई होत नाही असं राजाच्या भाच्याने, सेनापती प्रिन्स रूपर्टने सांगितलं. आमचा सरदार आपल्या बग्गीत जाऊन पाइप ओढत बसला. तेवढ्यात ढगांच्या गडगडाटात पार्लमेंटचं सैन्य चालून आलं. दोन तासांत पानिपत झालं. पांढरे अंगरखेवाले शरण आले नाहीत, जागच्या जागी कापले गेले. अंगरखे त्यांच्या स्वतःच्याच रक्तात रंगले.

भित्रा नव्हता तो. गडबडीत नोकराची शिशाची बोथट तलवार घेऊन लढला असं त्याच्या बायकोने लिहून ठेवलंय. पण लढाईनंतर रूपर्ट म्हणाला, पुन्हा फौज उभारा. तर हा म्हणाला, नाही, दरबारातले लोक हसतील, ते मला सोसणार नाही. आणि स्कारबरोहून जहाजात बसून थेट हॅम्बर्ग. सोळा वर्षं परत आला नाही.

मला संतापच आला. एवढी माणसं तुझ्या शब्दावर मेली आणि तुला काय, तर लोक हसतील? मी हे मराठीत, जरा मोठ्याने बोललो.

बायको शांतपणे म्हणाली, "मिरजेचा प्रेस बंद झाला तेव्हा सांगलीत चुलतभावाच्या लग्नाला कोण गेलं नव्हतं?"

खरंय. पोटात दुखतंय असं कळवलं होतं मी. पंधरा दिवसांत सामान टेंपोत घालून पुण्याला आलो, तेही रात्री, शेजाऱ्यांनी दिवे मालवल्यावर. तीन कामगारांचा पगार द्यायचा होता. दिला पुढे, पण मनीऑर्डरने. तोंड दाखवलं नाही.

आजोबांना वाटलं आम्ही भांडतोय. विषय बदलायला त्यांनी पुढचं सांगितलं. पॅरिसमध्ये कॅव्हेंडिशने मार्गारेटशी लग्न केलं, अँटवर्पला चित्रकार रूबेन्सचं घर भाड्याने घेतलं. डोक्यावर कर्ज, तरी घोडे पाळले, शिकवले आणि 1658 मध्ये त्यावर फ्रेंचमध्ये जाडजूड पुस्तक काढलं. 1660 ला राजेशाही परतली, तोही परतला, 1665 ला ड्यूक झाला. मार्गारेटने नवऱ्याचं चरित्र लिहिलं, त्यात युद्धापायी झालेल्या नुकसानीची बेरीज दिली : 9,41,303 पौंड.

"वरचे तीनसुद्धा सोडले नाहीत बाईने," मी म्हणालो.

बायको हसली नाही. प्रेसच्या देण्याघेण्याची वही आमच्या कपाटात, तिच्या साड्यांखाली अजून आहे.

परतीच्या वेळी भूक लागली म्हणून चिप्स घेतल्या. विचारता विचारताच त्यांच्यावर व्हिनेगर ओतलं गेलं. बस वेळेवर आली.