डिफेन्स तीन हजार आणि तरी हेलमध्ये दोन फटक्यांत आडवे

शहापुरात साडीच्या दुकानावर ‘२०% + १०% सूट’ अशी पाटी लागली तरी बेळगावचं गिऱ्हाईक फसत नाही. शंभराचे ऐंशी, ऐंशीचे बहात्तर, म्हणजे सूट २८ टक्केच, हा हिशेब काउंटरवर उभ्याउभ्या तोंडी होतो. तोच माणूस रात्री डायब्लो २ हा राक्षस मारत जायचा कॉम्प्युटर गेम उघडून बसला की हिशेब विसरतो. चिलखतावर डिफेन्सचा मोठा आकडा दिसला की ते अंगात चढवायचं, नॉर्मलनंतरची नाइटमेअर ही पायरी कशीबशी पार करायची आणि हेल या सगळ्यांत अवघड पायरीच्या पहिल्याच गुहेत मरून पडायचं. मग ‘गेमच अवघड आहे रे’ म्हणून मोकळे.

गेम अवघड आहे खरा. पण इथे घोळ डिफेन्स आणि डॅमेज रिडक्शन (माऱ्याची कपात) एकच समजण्यात आहे. आपल्या खानापूर भागातला पाऊस आठवा. पाऊस अंगावर पडूच नये म्हणून आडोसा धरणं एक, आणि पडलाच तर कमी भिजावं म्हणून इरलं घेणं दुसरं. डिफेन्स हा आडोसा आहे. फटका बसणार की हुकणार एवढंच तो ठरवतो. एकदा फटका बसला की डिफेन्स शंभर असो की पाच हजार, तो पुऱ्या ताकदीनेच बसतो.

फटका बसण्याचं सूत्र असं: राक्षसाचं अटॅक रेटिंग (त्याच्या नेमाचा आकडा) भागिले अटॅक रेटिंग अधिक तुमचं डिफेन्स. त्याला गुणिले राक्षसाची लेव्हल भागिले दोघांच्या लेव्हलची बेरीज. आलेल्या आकड्याची दुप्पट. उत्तर काहीही येवो, शक्यता ५ टक्क्यांच्या खाली आणि ९५ च्या वर जात नाही. समजा राक्षसाचं रेटिंग २००० आणि दोघांची लेव्हल सारखी. डिफेन्स १००० असेल तर शंभरातले ६७ फटके बसतात, २००० ला ५०, आणि ४००० ला ३३. पहिल्या हजाराच्या वाढीने १७ फटके वाचले, पुढच्या दोन हजारांनीही तेवढेच. लेव्हल कमी असली तर आणखी तोटा. तुम्ही ७० आणि तो ८५ असेल तर २००० डिफेन्सवर ५० ऐवजी ५५ बसतात. शिवाय हे सगळं फक्त हत्याराच्या आणि बाणाच्या माऱ्याला लागू आहे. आगीचा गोळा किंवा वीज अंगावर आली तर डिफेन्स विचारातच घेतलं जात नाही.

आता खरी कपात. शारीरिक माऱ्याची कपात टक्क्यांत मिळते आणि डायब्लो २ मध्ये वेगवेगळ्या वस्तूंवरचे टक्के सरळ बेरजेने जुळतात. साडीच्या दुकानाचा गुणाकार इथे नाही. तो डायब्लो ४ मध्ये आहे, म्हणून तो खेळून आलेली पोरं इथे हमखास गोंधळतात. बेरजेची मर्यादा ५०%. त्यावर कितीही चढवा, मारा निम्म्याच्या खाली जात नाही.

बेरजेमुळे एक गंमत होते, आणि बहुतेकांच्या ध्यानात येत नाही ती हीच. दोनशेचा फटका घ्या. शून्यावरून १०% कपातीवर गेलात तर २०० चे १८० झाले. ४०% वरून ५०% वर गेलात तर १२० चे १००. दोन्हीकडे वीसच वाचले, पण पहिल्यात मारा दहा टक्क्यांनी घटला आणि दुसऱ्यात सहाव्या हिश्शाने. म्हणजे शेवटचे दहा टक्के पहिल्या दहापेक्षा भारी. हजार लाइफवर बघायचं तर कपात नसताना पाचव्या फटक्याला मरण, ४०% ला नवव्या, ५०% ला दहाव्या. अर्धवट कपात गोळा करून सोडून देणं म्हणजे पाणी लागायच्या तोंडावर विहीर खणणं थांबवण्यासारखं.

कपातीचा आणखी एक फायदा आकड्यात दिसत नाही. एका फटक्यात एकूण लाइफच्या बाराव्या हिश्शाहून जास्त गेलं की पात्र झटका खाऊन थांबतं, आणि घोळक्यात थांबलं की संपलं. कपात वाढली की बरेच फटके त्या बाराव्या हिश्शाच्या खाली येतात आणि पाय चालू राहतात.

टक्क्यांच्या जोडीला ठोक कपातही असते. वस्तूवर ‘रिड्यूस्ड बाय १५’ लिहिलंय की ‘१५%’, ते चष्मा पुसून वाचा. चिन्ह नसेल तर प्रत्येक फटक्यातून सरळ १५ वजा. आधी ठोक वजा होते, मग उरलेल्यावर टक्के. दोनशेच्या फटक्यात ठोक २० आणि ३५% असेल तर २०० वजा २० म्हणजे १८०, त्याचे ६५% म्हणजे ११७. मार्केट यार्डातल्या हमालीसारखं आहे हे. पोत्यामागे ठरलेला आकडा, भाव पडलेला असला की टोचतो, तेजीत जाणवतही नाही. नॉर्मलमध्ये तीसच्या फटक्यावर ठोक २० म्हणजे मारा जवळजवळ संपलाच. हेलमध्ये मोठ्या फटक्यांपुढे तो चिल्लर. म्हणून सोल रून (रून म्हणजे वस्तूच्या भोकात बसवायचा जादूचा खडा; हा चिलखत, टोप किंवा ढालीत बसवला तर ठोक ७) सुरुवातीला बसवा, पण हेलसाठी भोक अडवून ठेवू नका.

शारीरिक कपातीने विजेचं, आगीचं, थंडीचं काहीच वाकडं होत नाही. गेमच्या शेवटी येणाऱ्या वर्ल्डस्टोन कीपमधले विजेचे आत्मे ५०% कपातवाल्या बार्बेरियन योद्ध्यालाही पडद्याबाहेरून उडवतात. त्यांना उत्तर रेझिस्टन्स, म्हणजे आग, थंडी, वीज आणि विष यांच्या माऱ्यातली टक्क्यांची कपात. नेहमीची मर्यादा ७५, खास वस्तूंनी ९५ पर्यंत जाते. नाइटमेअरमध्ये सगळ्या रेझिस्टन्समधून ४० वजा होतात आणि हेलमध्ये १००. अ‍ॅनियाला कैदेतून सोडवल्यावर गावातली माला एक गुंडाळी देते, ती वाचली की सगळं १० ने कायमचं वाढतं. तिन्ही डिफिकल्टीत मिळून ३०. गुंडाळी घेऊन ती पेटीत तशीच ठेवणारे महाभाग आहेत. वाचल्याशिवाय काही मिळत नाही. म्हणजे हेलमध्ये ७५ गाठायला अंगावरच्या वस्तूंतून प्रत्येक रेझिस्टन्स १४५ हवा. हा आकडा पेटीच्या झाकणावर लिहून ठेवावा असा आहे.

‘साठ आहे की, बास झालं’ असं म्हणू नका. ६० ला ४० टक्के मारा आत येतो, ७५ ला २५. साठवाला पाऊणशेवाल्याच्या १.६ पट मार खातो.

स्वस्तातली जुळणी अशी. पाचव्या अंकात, म्हणजे गेमच्या शेवटच्या भागात, १५ सैनिक सोडवले की त्यांचा सरदार क्वाल-केहक राल, ऑर्ट आणि ताल हे तीन रून देतो, फुकट. तीन भोकांची साधी ढाल घ्या, लार्ज शील्ड किंवा काइट शील्ड चालते. निळ्या नावाची जादूची ढाल चालत नाही, नाव पांढरं किंवा करडं हवं. त्यात राल, मग ऑर्ट, मग ताल, याच क्रमाने बसवा. एन्शन्ट्स प्लेज हा रूनवर्ड (ठरावीक रून ठरावीक क्रमाने बसवून होणारी खास वस्तू) तयार होतो: थंडी ४३, बाकी तिन्ही ४८. क्रम चुकला की रूनवर्ड होत नाही. मग ढाल रिकामी करायला हेल नावाचा रून (हेल पायरीशी याचा संबंध नाही) आणि टाउन पोर्टलची गुंडाळी क्यूब या जादूच्या डबीत ढालीसोबत टाकावी लागते. ढाल मोकळी होते, पण आत बसवलेले रून मात्र नष्ट होतात.

अंगात दोन भोकांच्या साध्या चिलखतात नेफ आणि लुम, म्हणजे स्मोक. सगळ्याला ५०. नेफ सहज मिळतो. लुमसाठी हेलमधली काउंटेस ही राक्षसीण पुन्हापुन्हा मारायची, नाहीतर नाइटमेअरच्या हेलफोर्ज या भट्टीवर नशीब बघायचं. तिथे सोलपासून उमपर्यंतचा कुठलाही रून पडतो. डोक्यावर रॉकस्टॉपर. कपात १०%, आग २० ते ५०, थंडी आणि वीज २० ते ४०. या टोपाला बाजारात कोणी विचारत नाही, म्हणूनच तो घ्यावा. कमरेला स्ट्रिंग ऑफ इयर्स: कपात १० ते १५%, शिवाय जादूच्या माऱ्यातून ठोक १० ते १५ वजा.

हेलमध्ये तीन गुंडाळ्या धरून बेरीज मारा. थंडी ४३ ते ६३, वीज ४८ ते ६८, आग ४८ ते ७८, विष २८. कपात २० ते २५%. जे कमी पडतं ते अंगठ्या, बूट आणि पिशवीतल्या लहान चार्म्सनी (नुसते जवळ बाळगायचे ताईत) भरा. एकाच रेझिस्टन्सचा लहान चार्म ११ पर्यंत देतो, सगळ्यांचा ५ पर्यंत. आधी वीज ७५ ला न्या, मग आग, मग थंडी. विष शेवटी. त्याने माणूस हळूहळू मरतो, बाटली प्यायला वेळ मिळतो.

आता मोह. शाफ्टस्टॉप नावाच्या चिलखतावर ३०% कपात आणि ६० लाइफ आहे. त्यात रॉकस्टॉपर १० आणि स्ट्रिंग १० जोडले की ३८ व्या लेव्हललाच ५०% पूर्ण. कागदावर झकास. पण त्यासाठी स्मोक उतरवावं लागतं आणि हेलमध्ये थंडी उणे ७ ते अधिक १३ वर येते. नाइटमेअरला ही जुळणी राजासारखी चालते. हेलमध्ये चार्म्सचा साठा झाल्याशिवाय नको. आणि स्ट्रिंग १५ चं मिळालं म्हणून हरखू नका. या जुळणीत बेरीज ५५ होते आणि वरचे ५ वाया जातात. दहाचं असलं तरी काम तेच होतं, पंधराचं कोणाला तरी देऊन टाका.

यातून सुटकेची वाट ट्रेचरी हा रूनवर्ड. तीन भोकांच्या चिलखतात शाएल, थूल, लेम. फटका बसला की ५% शक्यतेने १५ व्या लेव्हलचा फेड नावाचा मंत्र लागतो. त्याने सगळे रेझिस्टन्स ६० ने वाढतात आणि १५% शारीरिक कपात मिळते, जी वस्तूवर कुठेही लिहिलेली नसते. शापांची मुदतही घटते. रॉकस्टॉपर आणि पंधराची स्ट्रिंग धरून कपात ४०%. अडचण एकच, फेड लागायला आधी मार खावा लागतो. म्हणून मोठ्या लढाईआधी एखाद्या हलक्या राक्षसासमोर उभं राहून फटके खायचे आणि अंगाचा रंग बदलला की पुढे जायचं. ओंगळ वाटतं, पण चालतं.

पुढे ७३ व्या लेव्हलला स्टॉर्म शील्ड. ३५% कपात, थंडी ६०, वीज २५. एकटी ढाल एवढं देते म्हणून बाकीचं शरीर मोकळं होतं, स्ट्रिंग १५ चं असेल तर तिथेच ५०% भरतात. ताकद १५६ लागते. ढालीवर ३० ताकद आहे, पण ती ढाल उचलायच्या हिशेबात धरली जात नाही. पॉइंट टाकताना ही चूक होते आणि ढाल पेटीत पडून राहते.

ढालीवरून ब्लॉक, म्हणजे फटका ढालीने अडवण्याची शक्यता. ढालीवर दिसणारा टक्का गुणिले (चपळाईचा आकडा, म्हणजे डेक्स्टेरिटी, वजा १५), भागिले लेव्हलची दुप्पट. मर्यादा ७५%. लेव्हल ८० ला ६०% दाखवणारी ढाल असेल तर पूर्ण ७५ ला डेक्स्टेरिटी २१५ हवी. लेव्हल वाढली की ब्लॉक आपोआप घसरतो, त्यामुळे दर लेव्हलला डेक्स्टेरिटीत थोडं टाकत राहावं लागतं. जेमतेम ३० ते ४० टक्क्यांसाठी पॉइंट घालवू नका. एकतर पूर्ण ७५, नाहीतर सगळं व्हायटॅलिटीत, म्हणजे लाइफ वाढवण्यात. धावताना ब्लॉक तिसऱ्या हिश्शावर येतो, म्हणून घोळक्यातून पळून जाणारा उभ्या राहणाऱ्यापेक्षा जास्त मार खातो.

मग शाप. अ‍ॅम्प्लिफाय डॅमेज लागला की शारीरिक कपातीतून १०० वजा, डेक्रेपिफायने ५०. पन्नास टक्केवाल्याचे उणे ५० होतात आणि दोनशेचा फटका तीनशेचा बसतो. कपात नसलेल्याला तोच चारशे. चौथ्या अंकातल्या केऑस सँक्चुअरीतले ऑब्लिव्हियन नाइट हे शाप देणारे राक्षस रेझिस्टन्सही पाडतात. तिथे ७५ च्या वर साठवलेलं जास्तीचं रेझिस्टन्स कामी येतं. नेहमी दिसत नाही, पण शाप लागला की आधी तेच खर्ची पडतं. म्हणून ‘७५ झालं, चार्म विका’ ही घाई करू नका. नाइटला लांबूनच, सगळ्यांत आधी मारा.

पावसाळ्यात लाईट जाणाऱ्यांसाठी एक सूचना. ऑनलाइन हार्डकोर (एकदा मेलं की पात्र कायमचं गेलं) खेळताना कनेक्शन तुटलं तरी पात्र थोडा वेळ तिथेच उभं राहतं. त्याला कुठलीच कपात वाचवत नाही. विजा चमकायला लागल्या की गावात परत या.

भाडोत्री साथीदारालाही हेलमध्ये तेच उणे १०० लागतं, हे लोक विसरतात आणि दर पाच मिनिटांनी त्याला जिवंत करायला सोनं मोजतात. दुसऱ्या अंकातल्या भालेवाल्याला व्हॅम्पायर गेझ (कपात १५ ते २०%) आणि ट्रेचरी चढवा. फेड लागला की ३० ते ३५% होतात आणि मारलेल्या फटक्यांतून लाइफही परत येतं. साथीदाराच्या वस्तू झिजत नाहीत, म्हणून इथिरियल (मजबूत, पण दुरुस्त न होणारं) चिलखत आणि टोप त्यालाच द्या. आपल्या अंगात ते तुटून जातात.