परतीचं तिकीट

मंगळवार, रात्री उशिरा

तिचा फोन आला तेव्हा मी झोपायच्या तयारीत होते. "बसलीयेस ना?" म्हणाली. अशी सुरुवात करणाऱ्याकडे एक तर वाईट बातमी असते, नाहीतर लग्नाची. हिच्याकडे तिसरंच निघालं.

"मला उभं राहायला सांगतायत."

मी सवयीनं विचारलं, "कुठे?"

मग दोघी इतक्या हसलो की फोन बाजूला ठेवावा लागला. आमचं वीस-बावीस वर्षांचं सगळं बोलणंच या दोन शब्दांत आहे. ती टीव्हीची वार्ताहर, कुठेतरी उभी; मी बातम्यांच्या डेस्कवर. कधी पुलावर उभी, कधी सीमेच्या तारेपाशी, कधी हॉटेलच्या गच्चीवर. मी तिच्या कानात: जरा डावीकडे सरक, मागचा धूर दिसू दे, वीस सेकंद आहेत, दहा आहेत, चल. आता निवडणुकीला उभं राहायचं. क्रियापद तेच, काम पार वेगळं.

"तुला काय वाटतं?" शेवटी तिनं विचारलं.

मी म्हटलं, "कन्फर्म करून सांगते." आम्हा डेस्कवाल्यांचं हे ठरलेलं उत्तर. त्याचा अर्थ एवढाच की आत्ता काही सुचत नाहीये.

बुधवार

दिवसभर मार्टिन बेल डोक्यात. आमच्या पिढीच्या परदेश-डेस्कवर हा माणूस सगळ्यांना माहीत होता. बीबीसीचा जुना युद्धवार्ताहर. १९६२ साली नोकरीला लागला, व्हिएतनामपासून बोस्नियापर्यंत युद्धं पाहिली. अंगात पांढरा सूट. तो आपल्याला लाभतो, अशी त्याची साधी अंधश्रद्धा होती. चिखल, धूर, पडकी घरं आणि मधोमध हा लग्नाला निघाल्यासारखा. १९९२ च्या ऑगस्टमध्ये सारायेवोत कॅमेऱ्यासमोर असतानाच त्याला छर्रे लागले आणि तो कोसळला. ती फीत मी पाहिली आहे. माणूस पडतो तेव्हा चौकट रिकामी होते, ते पाहणं वाईट असतं. आत्तापर्यंत तो आपल्याला काहीतरी सांगत होता आणि आता तिथे नुसता रस्ता आहे.

बोस्नियातून परत आल्यावर तो म्हणायला लागला की बाजूला उभं राहून नुसतं पाहणारी पत्रकारिता मला पुरेशी वाटत नाही. जिला माहिती आहे आणि जिला काळजीही आहे अशी पत्रकारिता हवी. बरेच जण त्याच्यावर तुटून पडले. वार्ताहरानं बाजू घ्यायची नसते, वगैरे. मी तेव्हा तुटून पडणाऱ्यांच्या बाजूची होते. आता तितकीशी नाही.

आणि मग एप्रिल १९९७. ब्रिटनमध्ये निवडणूक तोंडावर. टॅटन हा चेशरमधला मतदारसंघ, कॉन्झर्व्हेटिव्ह पक्षाचा बालेकिल्ला. तिथला खासदार नील हॅमिल्टन याच्यावर आरोप होता की सभागृहात प्रश्न विचारायचे म्हणून त्यानं मोहम्मद अल-फायद यांच्याकडून पैसे घेतले. तो आरोप नाकारत होता आणि उमेदवारीही सोडत नव्हता. तेव्हा लेबर आणि लिबरल डेमोक्रॅट या दोन्ही पक्षांनी आपापले उमेदवार मागे घेतले आणि एका अपक्षाला वाट करून दिली. तो अपक्ष म्हणजे बेल. जाहीरनामा असा काही नव्हताच. राजकारण स्वच्छ हवं, एवढा एकच मुद्दा. आणि पांढरा सूट.

यातला एक प्रसंग मला आठवत राहतो. नट्सफर्ड हीथ नावाच्या मोकळ्या माळावर बेल वार्ताहरांशी बोलत होता. तिथे हॅमिल्टन आणि त्याची बायको क्रिस्टीन, दोघंही येऊन थडकले. ती थेट बेलच्या समोर उभी राहिली आणि सगळ्या कॅमेऱ्यांदेखत त्याला धरलं: माझा नवरा निर्दोष आहे हे तुम्हाला मान्य आहे की नाही? गुन्हा सिद्ध होईपर्यंत माणूस निर्दोष, हे तत्त्व कोण नाकारणार? बेल गडबडला. ज्यानं तीस-पस्तीस वर्षं सेनापतींना आणि मंत्र्यांना प्रश्न विचारले, त्याला एका बाईनं दोन मिनिटांत निरुत्तर केलं. प्रश्न अवघड होता असं नाही. त्याला सवय नव्हती. माइक कोणत्या हातात धरायचा हे आम्हाला शिकवतात. समोरून आला तर काय करायचं हे कुणी शिकवत नाही.

तरी १ मे १९९७ ला तो ११,०७७ मतांनी निवडून आला. त्याच दिवशी एक्झेटरमधून बेन ब्रॅडशॉही निवडून आला, तोही बीबीसीचा, बर्लिनची भिंत पडली तेव्हा तिथला रेडिओ वार्ताहर. पण तो लेबर पक्षाचा रीतसर उमेदवार होता. पुढे मंत्री झाला आणि २०२४ पर्यंत खासदार राहिला. त्याच्या सुटाबद्दल कुणी लिहीत नाही. मी तरी कुठे लिहितेय? दोन ओळींत संपवला.

बेलच्या बाबतीत मला खरा अडकवतो तो त्याचा शब्द: मी एकच मुदत राहीन, मग जाईन. लोकांना तो आवडला असणार. खुर्चीला चिकटणारा नाही म्हटल्यावर कुणालाही बरं वाटतं. पण मला त्यात जुना वार्ताहर दिसतो. परदेशात जाताना वार्ताहराच्या खिशात एक गोष्ट कायम असते, परतीचं तिकीट. ते नसेल तर तो जाणारच नाही आणि गेला तरी तसं मोकळं बोलू शकणार नाही. बेलनं संसदेत जातानाही परतीचं तिकीट काढूनच ठेवलं होतं.

आणि त्याचा उपयोगही झाला, हे कबूल करायला हवं. त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये लेबर पक्षाला मोटार शर्यतींच्या धंद्यातल्या बर्नी एक्लस्टन यांच्याकडून मिळालेल्या दहा लाख पौंडांच्या देणगीचं प्रकरण बाहेर आलं. तंबाखूच्या जाहिरातींवरच्या बंदीतून त्या शर्यतींना सूट देण्याचं सरकारनं नुकतंच ठरवलेलं. तेव्हा भर सभागृहात पंतप्रधान ब्लेअर यांना बेलनं सुनावलं की गैर घडणं जितकं वाईट तितकंच गैर घडल्यासारखं दिसणंही. ज्या पक्षानं त्याच्यासाठी जागा सोडली, त्याच पक्षाला! ज्याला पुन्हा तिकीट मागायचं नाही, त्यालाच हे परवडतं.

पण २००१ उजाडलं. शब्दाला जागून टॅटन सोडलं (तिथे जॉर्ज ऑस्बोर्न निवडून आला) आणि हा दुसरीकडेच, एसेक्समधल्या ब्रेंटवुड अँड ऑन्गरमधून उभा राहिला. पडला. २००४ ला युरोपीय संसदेसाठी उभा राहिला. तिथेही पडला. मला वाईट वाटतं ते तो हरला याचं नाही. तिकीट हातात होतं, विमानही लागलेलं होतं आणि ऐनवेळी त्याला जाववेना, याचं वाटतं.

शुक्रवार

ती एकदा एका शहरातून परतली होती. कुठलं ते लिहीत नाही, तिला आवडणार नाही. तीन आठवडे एकच ड्रायव्हर तिच्यासोबत होता. तोच दुभाषा, तोच कुठे जायचं नि कुठे नाही हे सांगणारा. विमानतळावर तिची बॅग उतरवताना त्यानं विचारलं, "पुन्हा कधी?" ही म्हणाली, "लवकरच." चार दिवसांनी ती बातमी आमच्या रनडाऊनमध्ये, म्हणजे बातम्यांच्या क्रमवारीत, आठव्या नंबरवर गेली. आठवड्यानं निघूनच गेली. मीच काढली. दुसरीकडे पूर आला होता.

हे तिनं मला बऱ्याच वर्षांनी सांगितलं, कॅन्टीनमध्ये, मान खाली घालून. तो "लवकरच" तिला अजून टोचतो. मला वाटतं ती निवडणुकीचा विचार करतेय त्यामागे लोकसेवा वगैरेपेक्षा तो शब्द जास्त आहे. मी तिला तसं म्हटलेलं नाही.

शनिवार

आज रेने लेवेक. कॅनडातल्या क्वेबेक प्रांतातला, फ्रेंच बोलणारा. दुसऱ्या महायुद्धात तो अमेरिकी सैन्यासोबत माहिती खात्याचं काम करत होता, १९४५ मध्ये डाखाऊची छळछावणी त्यानं डोळ्यांनी पाहिली. १९५१ ला कोरियाच्या युद्धाचं रेडिओवरून वार्तांकन केलं. आणि १९५६ पासून टीव्हीवर 'प्वां द मीर' हा कार्यक्रम. त्यात हा बुटकासा, टक्कल पडत चाललेला, घोगऱ्या आवाजाचा, सतत सिगारेट ओढणारा माणूस फळा आणि नकाशा घेऊन लोकांना जग समजावून सांगायचा. सुएझ म्हणजे काय, अल्जेरियात काय पेटलंय. मास्तरच, पण लोक मन लावून ऐकायचे असा मास्तर.

मग १९५८ च्या डिसेंबरअखेरीस त्याच्याच संस्थेत, रेडिओ-कॅनडात, निर्मात्यांचा संप झाला. मागणी साधी होती, संघटना करायचा हक्क. ६८ दिवस चालला. फ्रेंच वाहिनी जवळपास ठप्प. इंग्रजी वाहिनी सुरळीत चालू होती आणि ओटावातल्या केंद्र सरकारला काही घाई दिसत नव्हती. इंग्रजी वाहिनी अशी बंद पडली असती तर यांनी दोन दिवसांत धावपळ केली असती, हे लेवेकच्या तिथेच लक्षात आलं. इतकी वर्षं तो अल्जेरियाच्या नकाशावर छडी ठेवत होता. छडी एकदम स्वतःच्या घरावर आली.

संप मिटला, १९५९ मध्ये त्याचा कार्यक्रम बंद झाला आणि १९६० ला तो लिबरल पक्षातर्फे क्वेबेकच्या विधानसभेत निवडून येऊन प्रांताचा मंत्रीच झाला. खासगी वीज कंपन्या सरकारनं ताब्यात घ्याव्यात, हा त्याचा ध्यास. १९६२ ची निवडणूकच त्या प्रश्नावर झाली. प्रचारात पुन्हा फळा, पुन्हा छडी. फरक इतकाच की सुएझ समजावल्यावर सुएझचं पुढे काय होतं याची जबाबदारी मास्तरवर नसते. विजेचं मात्र यालाच करून दाखवावं लागलं, आणि त्यानं केलं. पुढे स्वतःचा पक्ष काढला आणि १९७६ मध्ये क्वेबेकचा प्रीमियर, म्हणजे मुख्यमंत्री, झाला. १९७७ चा त्याचा एक कायदा मला फार आवडतो. राजकीय पक्षांना देणगी फक्त मतदारानं द्यायची, कंपन्यांनी नाही, कामगार संघटनांनीही नाही. बेल ज्या गोष्टीवर बोट ठेवून उभा राहिला, ती लेवेकनं वीस वर्षं आधी कायद्यात बसवली होती.

त्याच्याकडे परतीचं तिकीट नव्हतं. परत जायचं कुठे? तो घरीच तर होता. २० मे १९८० ला क्वेबेकच्या सार्वभौमत्वाच्या दिशेनं पाऊल टाकण्यावर सार्वमत झालं, जवळजवळ ६० टक्के लोक "नको" म्हणाले. रात्री तो माणसांनी भरलेल्या सभागृहात उभा राहिला. टाळ्या थांबेचनात. थांबल्यावर तो म्हणाला की मला तुमचं म्हणणं नीट कळलं असेल तर तुम्ही मला सांगताय, पुढच्या वेळी.

म्हणजे हासुद्धा "लवकरच" म्हणाला, की! फक्त विमानतळावर नाही म्हणाला.

रविवार

ती दुपारी आली. मी म्हटलं, आपण सराव करू. तू उमेदवार, मी वार्ताहर. तिला हसू आलं, कारण मी आयुष्यात एकही बाइट घेतलेला नाही. मी कायम काचेच्या आत.

स्टॉपवॉच लावलं. जुनी सवय.

"पाण्याचा प्रश्न तुम्ही कसा सोडवणार?"

ती सरळ बसली, खांदे मागे, हनुवटी जराशी वर. आणि एक मिनिट चाळीस सेकंदांचं सुरेख उत्तर दिलं. प्रश्नाची पार्श्वभूमी, रहिवाशांचं म्हणणं, प्रशासनाचं म्हणणं, आकडे. आणि शेवटी: "त्यामुळे आता यावर नेमका काय तोडगा निघतो, हे पाहणं महत्त्वाचं ठरणार आहे."

मी बघतच राहिले. तिच्याही लक्षात आलं.

"अगं," मी म्हटलं, "पाहायचं नाहीये तुला. तो तोडगा तूच काढायचायस."

"पुन्हा."

पुन्हा तेच. शेवट फक्त बदलला: "येत्या काळात चित्र स्पष्ट होईल." तिसऱ्यांदा ती "एकंदरीतच" म्हणाली आणि स्वतःच थांबली. हजारो वेळा म्हटलेलं वाक्य जिभेवर वळण करून बसतं. त्या वाक्यानं तिला हजारो वेळा एखाद्या शहरातून अलगद बाहेर काढलंय. आधी वाक्य, मग माइक खाली, मग गाडी.

चौथ्या वेळी तिनं फार सावकाश सुरुवात केली. पार्श्वभूमी गाळली. आकडेही गाळले. "मी" असं म्हणाली आणि गप्प बसली. त्या "मी"च्या पुढे काय असतं ते तिला माहीत नव्हतं, आणि खरं सांगायचं तर मलाही. आमच्या कॉपीत मी हा शब्द कटाक्षानं काढायची. इतक्या वर्षांत तिचे किती "मी" खोडले असतील.

मी काही सुचवलं नाही. कानात बोलायची सवय असलेल्या बाईला गप्प राहणं अवघड जातं, पण राहिले.

बऱ्याच वेळानं तिनं विचारलं, "किती झाले?"

मी स्टॉपवॉचकडे पाहिलं. "दोन मिनिटं दहा."

"फार झाले?"

"चालू दे," मी म्हटलं.