खोडकिडा बघायला गेलो, भुस्सा बघून आलो

बार्शी तालुक्यात कृषी सहायक म्हणून माझी 31 वर्षं गेली आणि त्यातली बरीचशी ज्वारीच्या खोडकिड्यामागे. पानावर एका ओळीत भोकं दिसली की पोंगा, म्हणजे मधला कोवळा शेंडा, ओढून बघायचा. अलगद हातात आला की पोंगेमर, म्हणजे अळीने आतून खाल्लेला. मग शेतकऱ्याला चिठ्ठीवर औषधाचं नाव लिहून द्यायचं आणि पुढच्या बांधावर जायचं. त्यामुळे अमेरिकेत, इलिनॉय राज्यातल्या नेपरव्हिलला लेकीकडे आल्यावर जावई म्हणाला, "बाबा, इथून पाऊण तासावर एक दुर्मीळ खोडकिडा आहे, राज्याच्या संकटग्रस्त यादीत आहे तो," तेव्हा पोरगा सासऱ्याची फिरकी घेतोय असंच मला वाटलं.

फिरकी नव्हती. जुलैअखेरच्या शनिवारी सकाळी आम्ही मॉरिस गावाच्या दिशेने निघालो. रस्त्याचं वर्णन करण्यासारखं काही नाही. मका, सोयाबीन, परत मका. बांध नाही, बांधावर बाभूळ नाही, माणूस तर औषधालाही नाही. इलिनॉय स्वतःला 'प्रेअरी स्टेट' म्हणवतं. एकेकाळी इथे सुमारे 2 कोटी 20 लाख एकर प्रेअरी होती, म्हणजे उंच गवताचं माळरान. आज त्यातलं अस्सल, नांगर न लागलेलं माळरान दहा हजार एकरांमागे जेमतेम एक एकर उरलं असेल. मुळांचं जाळं इतकं घट्ट की जुना नांगर त्यात अडकायचा आणि काळी चिकट माती फाळाला धरून बसायची. 1837 साली याच राज्यात जॉन डीअर नावाच्या लोहाराने गुळगुळीत पोलादी फाळाचा नांगर केला आणि पुढच्या पन्नास-साठ वर्षांत बहुतेक माळ उलथला गेला. त्याच्याच नावाचे हिरवे ट्रॅक्टर पुण्याजवळ सणसवाडीला बनतात आणि आमच्या पंचक्रोशीतही फिरतात. गाडीत बसल्या बसल्या हे कळलं आणि थोडा वेळ मी गप्पच होतो.

गूज लेक प्रेअरी. नावात तळं आहे, पण तळं शोधू नका. 1890च्या सुमारास शेतीसाठी ते उपसून कोरडं केलं. जमीन मात्र राहिली आणि 1969पासून सरकारने ती विकत घ्यायला सुरुवात केली. शेजारी अणुवीजकेंद्र आणि मध्ये हे अडीच हजार एकरांचं गवत. गाडीतून उतरल्यावर जावयाने मला पँट मोज्यात खोचायला लावली, कारण गोचिडी. चारचौघांत जरा लाज वाटली, पण इथे सगळेच तसे.

आत शिरलो आणि गवत खांद्याला लागलं. बिग ब्लूस्टेम नावाचं हे गवत अजून वाढायचं होतं. भरात आलं की डोक्यावरून जातं. त्याचा तीन बोटांचा तुरा बघून मला आपल्या मारवेल गवताची आठवण झाली. ती उगाच नव्हती, दोन्ही एकाच भाऊबंदकीतली. जुन्या पुस्तकांत मारवेलही याच ब्लूस्टेमच्या, म्हणजे अँड्रोपोगॉनच्या, खात्यावर लावलेला आहे.

एक स्वयंसेवक बाई बरोबर होत्या, माझ्याच वयाच्या, हातात काठी. त्यांनी ज्या झाडापाशी थांबवलं ते लांबून घायपातीचं पिल्लू वाटावं असं. तळाला पट्ट्यासारखी लांब पानं, कडेला बारीक मऊसर काटे. मधून छातीइतका उंच दांडा आणि टोकाला पांढुरके गोल गेंद, लिंबाहून लहान, हाताला खरखरीत. त्यांच्यावर माश्या, गांधीलमाश्या, भुंगेरे यांची जत्रा भरलेली. नाव 'रॅटलस्नेक मास्टर'. खुळखुळ्या सापाचा मास्तर! मुळी उगाळून लावली की सापाचं विष उतरतं अशी जुन्या लोकांची समजूत होती. असली मुळी आमच्या प्रत्येक गावात एकाकडे तरी असते, गुण कुणाला आला ते विचारायचं नाही. खरी गंमत वेगळीच. घायपातीसारखं दिसणारं हे झाड कोथिंबीर, ओवा आणि गाजराच्या कुळातलं आहे. आणि मिसुरी राज्यातल्या एका गुहेत सापडलेल्या, सुमारे आठ हजार वर्षांपूर्वीच्या चपला याच पानांच्या वाखाच्या विणलेल्या निघाल्या.

हा खोडकिडा आयुष्यात फक्त हेच झाड खातो. ज्वारीचा खोडकिडा मक्यावर जातो, गवतावर जातो, कुठेही पोट भरतो. याला दुसरं काही चालतच नाही. वसंतात अंड्यातून अळी निघते, पानातून दांड्यात आणि दांड्यातून खाली मुळात घुसते. ऑगस्टमध्ये कोष, सप्टेंबरच्या मध्यावर पतंग. जांभळट तपकिरी पंख आणि त्यांवर दुधी ठिपके. महिनाभर रात्रीचे उडतात, अंडी घालतात आणि संपतात. 1917 साली हेन्री बर्ड यांनी त्याला शास्त्रीय नाव दिलं, त्यातही झाडाचंच नाव आहे.

बाई वाकल्या आणि काठीने गवत बाजूला केलं. बुंध्याला एक भोक आणि खाली ओलसर, पिवळसर भुस्सा, अळीने आत कोरून बाहेर टाकलेला. मी गुडघ्यावर बसलो. चिमटीत घ्यायला हात पुढे गेला, सवयीने. दुसरा हात खिशाकडे गेला, तोही सवयीने. नोकरीत तिथे चाकू असायचा, दांडा उभा चिरून अळी बाहेर काढायला. त्या घाईने म्हणाल्या, "नको, नको, फक्त बघा!" जावई हसायला लागला.

असा भुस्सा आम्हाला एकूण तीन झाडांपाशी दिसला. नेमका कुठे ते लिहीत नाही. संग्राहकांना ही अळी हवी असते आणि ते मुळासकट झाड उपटून नेतात, म्हणून जागा सांगायची नाही अशी बाईंची अट होती.

परतताना त्यांनी जळक्या पट्ट्याची हद्द दाखवली. प्रेअरीला आग गरजेची असते, नाहीतर झुडपं माजतात आणि गवत मरतं, म्हणून ती मुद्दाम पेटवतात. पण पतंगाची अंडी जमिनीवरच्या पालापाचोळ्यात हिवाळा काढतात. सगळं एकदम पेटवलं तर झाड मुळातून फुटून वर येतं, किडा मात्र परत येत नाही. म्हणून यंदा एक तुकडा जाळायचा, बाकीचे राखायचे, पुढच्या खेपेला दुसरा. बार्शी-सोलापूर रस्त्यावर नान्नजला माळढोकाचं अभयारण्य आहे. तिथला माळही मी शेकडो वेळा ओलांडला असेन. अशा माळाला सातबाऱ्यावर आमच्याकडे शब्द आहे 'पोटखराबा', म्हणजे पिकाच्या कामाची नसलेली जमीन, आणि तो मी स्वतः कितीतरी पंचनाम्यांत लिहिलाय. होळीच्या आसपास माळ पेटायचे तेव्हा पाचोळ्यात कोण झोपलंय हे बघायला मी कधी वाकलो नाही.

पतंग काही दिसला नाही, दिसणारही नव्हता. तो निघेल तेव्हा मी बार्शीत असेन, माझं तिकीट सप्टेंबरच्या पहिल्या आठवड्याचं आहे.

लेकीने परसात या झाडाची तीन रोपं लावली आहेत. शेजारणीने दिलेली, दिसायला छान म्हणून. तीन झाडांवर हा किडा येत नाही, त्याला एका जागी शेकड्यांनी लागतात आणि तीही जुन्या माळावर. हे मला बाईंनी नीट समजावून सांगितलं होतं. तरी रोज सकाळी चहाचा कप घेऊन मी तिन्ही बुंधे बघून येतो. आजपर्यंत फक्त मुंग्या निघाल्या.

जावयाने लॉनवर मारायला कीटकनाशकाची बाटली आणली होती. ती मी गॅरेजमध्ये सगळ्यात वरच्या फळीवर, रंगाच्या डब्यांमागे ढकलून ठेवली आहे. त्याने अजून विचारलेलं नाही.